पेंग्विनला बर्फ नको, थंड पाणी हवे!

प्रतिनिधी, दिवा

मे महिन्याच्या सुट्टीत दिवा स्थानकातून धिमी लोकल पकडून भायखळ्याची राणीची बाग गाठणाऱ्या कुटुंबांतील मुलांना एक प्रश्न हमखास पडतो. बर्फात राहणारा पक्षी मुंबईच्या उकाड्यात जगतो कसा? २०१६ साली वीरमाता जिजाबाई भोसले उद्यानात पेंग्विन आणण्यावरून जो वाद पेटला, त्यातही हीच समजूत वारंवार डोकावत होती. मात्र, ती अपुरी आहे.

राणीच्या बागेतील पेंग्विन हम्बोल्ट जातीचे आहेत. त्यांचे मूळ घर अंटार्क्टिकावर नसून पेरू व चिलीच्या रखरखीत, वाळवंटी किनाऱ्यावर आहे. त्यांचा भाऊबंद असलेला गॅलापागोस पेंग्विन तर थेट विषुववृत्तावर राहतो. चेहऱ्यावरील पिसे नसलेल्या त्वचेतून हे पक्षी अंगातील उष्णता बाहेर टाकतात, पंख पसरून वारा घेतात, धापा टाकतात आणि भर उन्हात बिळांचा किंवा कपारींचा आसरा घेतात.

तरीही या उष्ण प्रदेशात त्यांना तारतो तो समुद्रच. दक्षिणेकडून येणारा हम्बोल्ट प्रवाह आणि खोल समुद्रातून वर येणारे पाणी यांमुळे तेथील किनारा थंड राहतो व मासळी विपुल मिळते. 'एल निनो'च्या काळात हे चक्र बिघडते आणि उपासमार सुरू होते. १९८२-८३च्या तडाख्यात गॅलापागोस पेंग्विनची संख्या सुमारे तीन चतुर्थांशाने घटली. हम्बोल्ट पेंग्विनवर माणसानेही घाला घातला. ज्या 'ग्वानो'त, म्हणजे साचलेल्या पक्ष्यांच्या विष्ठेत, ते बिळे करीत, ती एकोणिसाव्या शतकात खतासाठी खरवडून नेण्यात आली.

भायखळ्याच्या खर्चाचे मर्मही इथेच आहे. पेरूच्या किनाऱ्यावर जे काम समुद्र फुकट करतो, ते येथे विजेवर चालणाऱ्या शीतयंत्रांना आणि पाणी शुद्ध करणाऱ्या यंत्रणेला अहोरात्र करावे लागते. कक्षाचे तापमान १६ ते १८ अंशांच्या आसपास राखले जाते. पण निव्वळ गारवा पुरेसा नाही. जुलै २०१६मध्ये सोलहून आलेल्या आठ पक्ष्यांपैकी एक मादी ऑक्टोबरमध्येच दगावली, तेव्हा कारण पुढे आले ते जंतुसंसर्गाचे. मार्च २०१७मध्ये कक्ष लोकांसाठी खुला झाला. १५ ऑगस्ट २०१८ रोजी जन्मलेले पहिले पिल्लू काही दिवसांतच गेले. २०२१पासून मात्र पिल्ले जगू लागली.

म्हणजे पक्षी येथे तग धरू शकतात, हे सिद्ध झाले आहे. प्रश्न उरतो तो हेतूचा. २०१७ साली उद्यानाचे प्रौढांसाठीचे प्रवेशशुल्क पाच रुपयांवरून ५० रुपयांवर गेले. महापालिकेचे कोट्यवधी रुपये आणि सामान्य कुटुंबाच्या खिशातील पैसे खर्ची पडत असतील, तर काचेपलीकडचा पक्षी केवळ करमणुकीचा विषय ठरणे परवडणारे नाही. समुद्र तापला की मासळी हटते आणि मासळी हटली की पक्षी उपाशी मरतो, हा धडा त्या काचेसमोर शिकवता येण्याजोगा आहे. दिव्याला परतणाऱ्या मुलाच्या मनात पेंग्विनबरोबर बर्फच राहिला, तर हा सारा खटाटोप अर्ध्यावरच थांबला, असे म्हणावे लागेल.