ओव्हन येईल तेव्हा येईल

सफरचंद हे आपल्या घरांमधलं आजाऱ्याचं फळ. केळं रोजचं, पेरू शाळेतून येणाऱ्या पोरांचा, आंबा सगळ्यांचा. पण सफरचंद म्हटलं की दवाखान्याची कॉट, उशाशी स्टीलचा डबा आणि भेटायला आलेल्या मामीच्या हातातली पिशवी. धडधाकट बाईने दुपारी चार वाजता स्वतःसाठी एक अख्खं सफरचंद कापून खाल्लं, असं दृश्य तुमच्या घरात शेवटचं कधी दिसलं होतं? आठवून बघा.

बरं, ही फळं घरात येतात तीही एकदम. हिमाचल आणि काश्मीरचा माल बाजारात उतरतो तो साधारण ऑगस्ट ते ऑक्टोबर, म्हणजे गणपती, गौरी, नवरात्र याच दिवसांत. लालबाग-परळकडे गणपतीच्या दिवसांत घरी दर्शनाला येणारा प्रत्येक जण हातात काहीतरी घेऊनच येतो. गिरगावातल्या चाळीत तर मजल्यावरच्या सगळ्या घरांची फळं प्रसाद म्हणून एकमेकांकडे फिरतात. तुमच्याकडेही ओटीतली, पूजेतली, पाच फळांतली सफरचंदं साठतच असणार. मग ती फ्रिजच्या खालच्या कप्प्यात जातात. लाल, टवटवीत असतील ती मुलांच्या डब्यात. आठ दिवसांनी उरतात ती सुरकुतलेली, एका बाजूला डाग पडलेली, चावली की पिठासारखी लागणारी. ती कोण संपवतं हे मी सांगायला नको.

या भुसभुशीत सफरचंदांचं करण्यासारखा एक फार सोपा पदार्थ आहे. त्याचं नाव अ‍ॅपल कॉबलर. नाव ऐकून घाबरू नका. खाली साखरेत शिजलेल्या सफरचंदाच्या फोडी, वर मैद्याच्या सैल पिठाचे चमच्याने टाकलेले गोळे, आणि हे सगळं एकाच भांड्यात भाजलेलं. केकसारखं अंडं फेटायला नको, आयसिंग नको, लाटायला नको, कातायला नको. वरचा थर ओबडधोबडच दिसला पाहिजे.

हे सांगितलं की बहुतेकींचं एकच उत्तर असतं: ‘‘अगं पण आमच्याकडे ओव्हन कुठाय? ओव्हन घेतला की करू.’’ मला या ‘घेतला की’चा भारी राग आहे. ओव्हन कधी येतो? आधी मुलाची फी, मग गावच्या घराचं छप्पर, मग नणंदेचं लग्न. ओट्यावर जागा नाही, आणि एक खोली-स्वयंपाकघराच्या घरात ते धूड ठेवायचं कुठे, हा प्रश्न वेगळाच. तोवर मासिकांतली कात्रणं डब्यात पिवळी पडतात.

आणि गंमत अशी की ज्यांनी हा पदार्थ जन्माला घातला, त्यांच्याकडेही ओव्हन नव्हता! अमेरिकेत नव्या मुलखात वस्ती करायला गेलेल्या कुटुंबांकडे युरोपातल्यासारख्या विटांच्या भट्ट्या कुठून असणार? जाड बिडाचं भांडं निखाऱ्यांवर ठेवायचं, काठाच्या झाकणावर आणखी निखारे रचायचे आणि त्यात असेल ते फळ नि असेल ते पीठ भाजायचं. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत या पदार्थाला कॉबलर हे नाव रूढ झालं होतं. म्हणजे हा सोयीच्या स्वयंपाकघरातला नव्हे, गैरसोयीतला पदार्थ.

वर निखारे, खाली निखारे. ओळखीचं वाटलं ना? लालबाग-परळमध्ये कोकणातून आलेल्या कितीतरी घरांमध्ये धोंडसाची आठवण अजून निघते. काकडी किसून, तांदळाचा रवा आणि गूळ घालून, जाड बुडाच्या टोपात ठेवायचं आणि झाकणावर निखारे. इकडे गिरगाव-ठाकुरद्वारच्या पाठारे प्रभू घरांतलं भानोलंही तसंच, कोबी-कोलंबी बेसनात कालवून वरून-खालून आच देऊन भाजलेलं. आपल्या आज्यांनी ‘बेकिंग’ हा शब्द ऐकला नसेल, पण भाजायचं कसं ते त्यांना पक्कं ठाऊक होतं. गॅस आला, शेगडी गेली आणि वरची आचही गेली. तेवढीच आपली अडचण.

ती अडचण मुंबईच्या बायकांनी आणखी एका तऱ्हेने सोडवली होती. मे महिन्याच्या किंवा दिवाळीच्या सुट्टीत घरी नानकटाईचं पीठ मळायचं, डबा घेऊन कोपऱ्यावरच्या बेकरीत जायचं, तिथल्या पत्र्यांवर गोळे मांडायचे आणि भाजणावळ देऊन भट्टीत ढकलायचे. तालुक्याच्या गावांतही ही रीत होती, काही ठिकाणी आजही आहे. मुंबईत आता लाकडाच्या भट्टीचे दिवस भरले. हवेच्या प्रदूषणाच्या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये लाकूड-कोळशावरच्या बेकऱ्यांना सहा महिन्यांत गॅस किंवा दुसऱ्या स्वच्छ इंधनाकडे वळायला सांगितलं. धूर कमी व्हायला हवाच, त्याबद्दल दुमत नाही. पण तुमच्या गावात ओळखीचा बेकरीवाला असेल, तर मांडलेलं भांडं दुपारी भट्टी निवत असताना ठेवू देशील का, एवढं विचारायला काही हरकत नाही. नाही म्हणाला तर घरची कढई आहेच.

आता कृती. चार मध्यम सफरचंदं सोला, डाग काढून टाका, जाडसर फोडी करा. पातळ चकत्या नकोत, त्यांचा लगदा होतो. आपल्याकडे मिळणारी लाल सफरचंदं गोड असतात, पण त्यांना आंबटपणा कमी. म्हणून एका लिंबाचा अर्धा रस पिळा. हे विसरलात तर सगळं नुसतं गुळमट लागेल. चार चमचे साखर (मोठा चमचा, पोह्यांचा), चिमूटभर मीठ, पाव छोटा चमचा दालचिनीची पूड, एक छोटा चमचा कॉर्नफ्लॉवर. दालचिनी घरात नसेल तर जायफळ किसा. वेलचीही चालते, पण मग त्याची चव शिऱ्याकडे झुकते. हे सगळं ज्या भांड्यात भाजायचं त्यातच गॅसवर पाच-सात मिनिटं शिजवा, रस सुटून थोडा दाट होईपर्यंत. भांडं अर्धंच भरलेलं हवं, नाहीतर रस उकळून बाहेर येतो.

दुसरीकडे एक वाटी मैदा, एक छोटा चमचा बेकिंग पावडर, दोन चमचे साखर, चिमूट मीठ. मैदा नको असेल तर अर्धा मैदा, अर्धी कणीक घ्या. नुसत्या कणकेचा थर जड होतो. त्यात तीन चमचे थिजलेलं तूप किंवा फ्रिजमधलं लोणी घालून बोटांच्या टोकांनी चोळा, शंकरपाळ्याला मोहन चोळतो तसं. रव्यासारखं झालं की अर्ध्या वाटीहून थोडं कमी दूध घालून चमच्याने कालवा. मळू नका! मळलंत की वरचा थर चिवट होणार. इथे आपला पोळीचा हात आवरायचा. मग हे सैल पीठ गरम फोडींवर चमच्याने जागोजागी टाका, मधे फटी राहू द्या. फोडी गरम हव्यात याला कारण आहे. थंड फळावर टाकलेलं पीठ वरून शिजतं आणि खालून कच्चं, चिकट राहतं.

भाजायला जुनी जाड कढई किंवा पातेलं घ्या. त्यात वाटीभर जाडं मीठ पसरा, त्यावर कूकरची जाळी किंवा कडं ठेवा, घट्ट झाकण लावून दहा मिनिटं तापवा. मग भांडं आत ठेवा आणि मध्यम ते मंद आचेवर चाळीस-पन्नास मिनिटं. पुष्कळ जणी यासाठी शिट्टी आणि रबर काढून कूकर वापरतात. होतं त्यात, पण पाण्याशिवाय तापवून चांगला कूकर खराब करण्यापेक्षा माळ्यावरची कढई काढलेली बरी. ते गोल अ‍ॅल्युमिनियमचे, काचेची खिडकी असलेले विजेचे ओव्हन अजून अनेकींकडे आहेत. त्यात पस्तीस मिनिटांत होतं. मोठा ओव्हन असेल तर १८० अंशांवर तेवढाच वेळ. साध्या मायक्रोवेव्हमध्ये मात्र वरचा थर नुसता वाफवल्यासारखा होतो, कन्व्हेक्शनवाला असेल तरच ठेवा. सुरी खुपसून वरचं पीठ चिकटत नसेल तर झालं.

कढईतल्या कॉबलरला वरून तपकिरी रंग येत नाही, हे आधीच सांगते. दुसऱ्या शेगडीवर लोखंडी तवा सणसणीत तापवून शेवटची दहा मिनिटं झाकणाऐवजी ठेवला तर थोडा येतो. नाही आला तर नाही. मोबाइलवरच्या फोटोत दिसतो तसा तो दिसणार नाही आणि दिसायची गरजही नाही. खायच्या वस्तूचं रूप हल्ली जरा जास्तच मनावर घेतलं जातंय, असं माझं स्पष्ट मत आहे.

पण मैत्रिणींनो, हा पदार्थ मला आवडतो तो चवीपेक्षा दुसऱ्याच गोष्टीसाठी. आपले सणाचे पदार्थ आठवा. पुरणपोळी तव्यावरून ताटात, पुरी कढईतून ताटात, वडे गरम, भजी गरम, घावन गरम. सगळे बसलेले आणि एक जण उभी. ‘‘तू पण बस ना,’’ असं म्हणणारे म्हणतात, आणि खरंच बसली तर दुसऱ्या मिनिटाला ‘‘अजून एक आण गं’’ ऐकू येतंच. गिरणगावात तर बायकांनी अख्ख्या गिरण्या जेवू घातल्या. घरी खानावळ चालवून पाळीच्या वेळा सांभाळत कामगारांना वाढलं. सावकाराच्या व्याजातून या बायकांची सुटका व्हावी, बँकेचं कर्ज त्यांना मिळावं म्हणून प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, तेव्हा कुठे त्यांच्या राबण्याला काम म्हणून नाव मिळालं. घरातल्या उभं राहण्याला ते अजून मिळालेलं नाही.

कॉबलर एकदा झाकणाखाली गेला की पाऊण तास त्याला कुणाची गरज नसते. आणि तयार झाला की पुरता एकदाच होतो. भांडं मधे ठेवायचं, चमचा त्यात खुपसायचा, ज्याला हवं त्याने घ्यायचं. करणारी पहिल्या घासापासून सगळ्यांबरोबर बसलेली. गरमच खायचा असल्यामुळे तिलाही तो गरमच मिळतो. एवढ्यासाठी महिन्यातून एका रविवारी पुऱ्यांना सुट्टी द्यायला माझी मुळीच ना नाही.

‘परकं फॅड’ म्हणून नाक मुरडणारं कुणीतरी घरात निघतंच. त्यांना सांगा की बटाटा, मिरची आणि पाव हे तिन्ही परकेच, आणि त्यांच्याशिवाय वडापाव झाला नसता. ‘‘सफरचंद कुणी शिजवतं का?’’ असं सासूबाई विचारतील. अननसाचा शिरा आणि कैरीचा साखरांबा करणाऱ्या घराला शिजलेलं गोड फळ नवीन कसं? आणि हे शिकणं-शिकवणंही इथलंच, बायकांनीच सुरू केलेलं. लक्ष्मीबाई धुरंधर यांनी ‘गृहिणी-मित्र’मध्ये हजार पाकक्रिया लिहून काढल्या त्या १९१० साली. आज दादरचं केटरिंग कॉलेज म्हणून ओळखली जाणारी संस्था १९५४ मध्ये सुरू झाली, तीही लीलावती मुन्शी यांच्या पुढाकाराने, बायकांच्याच अन्न परिषदेतर्फे.

खर्चाचा मुद्दा मात्र मी मानते. नुसत्या कॉबलरसाठी महागाची सफरचंदं विकत आणू नका. तो उरलेल्या फळांचा पदार्थ आहे, तसाच राहू द्या. मे महिन्यात फार पिकलेल्या आंब्याचा करा, अननस स्वस्त झाला की त्याचा करा. अननसाला रस फार सुटतो, म्हणून कॉर्नफ्लॉवर दुप्पट. पेरूचा करायचा तर बिया काढायचं जिवावर येतं, पण चव फक्कड होते. ज्यांच्या घरी मधुमेह आहे त्यांनी साखर कमी केली तरी मैदा आणि फळाची साखर उरतेच, तेव्हा त्यांच्यासाठी दोन चमच्यांवर थांबावं.

वर घालायला आइस्क्रीम हवंच असं नाही. साईचं घट्ट दूध किंवा दोन चमचे चक्का पुरतो. उरलाच तर दुसऱ्या दिवशी वरचा थर रस पिऊन मऊ पडतो. तव्यावर झाकण ठेवून मंद आचेवर पाच मिनिटं गरम करा, सकाळच्या दुसऱ्या चहाबरोबर छान लागतो.