डीएलएल 'डाउनलोड' करू नका, राव!

मंडळी, 'एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही' असा एरर आला की आपल्याकडे एकच रामबाण औषध मिळतं. गूगलवर नाव टाका, पहिल्या साईटवरून फाईल उतरवा, सिस्टिम३२ मध्ये डकवा, रिस्टार्ट मारा. पुण्यातला बी.ई. झालेला दादाही हेच सांगतो आणि बीडच्या दुकानातला दुरुस्तीवालाही हेच करतो. माझं मत स्पष्ट आहे: हा सल्ला घातक आहे, आणि त्याची किंमत सल्ला देणारा कधीच मोजत नाही.

डीएलएल म्हणजे काय? नारायणगड घ्या नाहीतर दुसरा कुठलाही गड, पंगतीला येणारा प्रत्येक जण घरून कढई आणत नाही. मोठी भांडी सामायिक असतात. सॉफ्टवेअरचंही तसंच. एमएसव्हीसीपी१४० ही मायक्रोसॉफ्टच्या सी++ ची सामायिक लायब्ररी. ती शेकडो प्रोग्रॅम्स वापरतात. एररचा अर्थ एवढाच की हा संच तुमच्या मशीनवर बसलेला नाही. मग संच मालकाकडून आणायचा, की रस्त्यावर पडलेली कढई उचलून त्यात आमटी करायची?

मराठीवाल्यांना तर हे कळायलाच हवं. विंडोज एक्सपीच्या काळात युनिकोड मराठीची जोडाक्षरं तुटायची, ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या पुढे जाऊन बसायची. अक्षरं जुळवण्याचं काम यूएसपी१०.डीएलएल या फाईलचं. ती कुठूनतरी आणून डकवायचे उद्योग तेव्हाही झाले, पण विंडोजचं फाईल-संरक्षण जुनी फाईल परत आणून ठेवायचं. खरा उपाय कंट्रोल पॅनलमध्ये होता: भाषांच्या पानावर 'कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट'च्या चौकोनात टिचकी मारायची आणि विंडोजची सीडी घालायची. बस्स.

"पण फाईल टाकली की चालतं ना!" चालतं कधीकधी. पण डीएलएल ही नुसती माहिती नाही, तो कोड आहे. ज्या प्रोग्रॅमने ती उचलली, त्याचे सगळे अधिकार तिला मिळतात. आता तालुक्याच्या गावातलं सेवा केंद्र डोळ्यांसमोर आणा. रोज तिथे लोकांचे आधार, सातबारा, बँक पासबुक स्कॅन होतात. त्या मशीनवर अनोळखी साईटची फाईल? गेलं तर त्या शेतकऱ्याचं जाणार, तुमचं काय! मार्च २०२४ मध्ये लिनक्सवरच्या एक्सझेड या सामायिक लायब्ररीत चोरदरवाजा सापडला. तोही अधिकृत आवृत्तीत! मग अनधिकृत फाईलची काय हमी?

तर योग्य क्रम असा:

१. अँटिव्हायरसने फाईल कोंडून ठेवली आहे का, बघा.
२. तो प्रोग्रॅम काढून मूळ ठिकाणाहून पुन्हा बसवा.
३. 'एमएसव्हीसीपी' किंवा 'व्हीसीरनटाइम' असं नाव असेल तर मायक्रोसॉफ्टच्याच साईटवरून व्हिज्युअल सी++ रिडिस्ट्रिब्युटेबल घ्या. ६४ बिट विंडोजवर ३२ बिटचाही संच लागू शकतो, म्हणून दोन्ही बसवा. 'डी३डीएक्स९' असेल तर जून २०१० चं डायरेक्टएक्स रनटाइम.
४. विंडोजची स्वतःची फाईल असेल तर अॅडमिन कमांड प्रॉम्प्टवर 'एसएफसी /स्कॅननाऊ'.

आणखी एक गंमत. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फाईली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये! नावावर विश्वास ठेवून फाईल डकवणारा इथेच आपटतो. मग '०xc०००००७b' असा नवा एरर घेऊन बसतो. ऊठसूट 'रेगएसव्हीआर३२' चालवणारेही तसेच. ते फक्त कॉम प्रकारच्या डीएलएलसाठी असतं हो!

खरा राग मात्र सॉफ्टवेअर विकणाऱ्यांवर आहे. इन्स्टॉलरमध्ये रिडिस्ट्रिब्युटेबल जोडायला कितीसा वेळ लागतो? मायक्रोसॉफ्ट ते फुकट वाटू देतं. तरी काही जण जोडत नाहीत, कारण त्यांच्या स्वतःच्या मशीनवर ते आधीच बसलेलं असतं. "माझ्याकडे तर चालतंय" म्हणून ते मोकळे, आणि दोनशे किलोमीटरवर कुणीतरी फॉर्मच्या शेवटच्या तारखेला एररकडे बघत बसलेलं.

असो. पुढच्या वेळी कुणी 'ती फाईल पाठव ना' म्हणालं, तर फाईल पाठवू नका. संच कुठे मिळतो ते सांगा :)