झोंबी कोणाचा?

१

गेल्या काही वर्षांत लोकप्रिय वाङ्मय आणि दृश्यमाध्यमे यांविषयीच्या मराठी चर्चेत 'झोंबी' हा इंग्रजीतून आलेला शब्द निंदावाचक विशेषण म्हणून रूढ होऊ पाहत आहे. मालिका पाहणारा प्रेक्षक झोंबी, मोबाइलच्या पडद्यावर बोट फिरवीत चालणारा तरुण झोंबी, एकाच धाटणीच्या कादंबऱ्या वाचणारा वाचकही झोंबी. एका चर्चासत्रात तर एका निबंधवाचकाने 'झोंबी-वाचक' ही जणू सिद्ध झालेली वाङ्मयीन कोटी असावी अशा थाटात वापरली आणि श्रोत्यांनी तिला हसून दाद दिली. त्या श्रोत्यांत प्रस्तुत लेखक होता आणि तोही हसला होता. पुढील विवेचन काही अंशी त्या हसण्याचे प्रायश्चित्त आहे.

शब्द परका आहे, हा माझा आक्षेप नव्हे. 'चालते प्रेत' असा प्रतिशब्द सुचवून समाधान मानणाऱ्या शुद्धिवाद्यांशी माझे सख्य नाही. त्या प्रतिशब्दातही मूळ शब्दाइतकाच दोष उरतो. आक्षेप असा की, इंग्रजी बोलीतून आपण हा शब्द ज्या रूपात उचलला, त्या रूपात त्याची एक विभक्ती गळून पडलेली आहे. मूळ कल्पनेत झोंबी हा नेहमी कोणाचा तरी झोंबी असतो. त्याला धनी असतो, आणि धन्यावाचून त्याला अस्तित्व नसते. इंग्रजी बोलीने ही षष्ठी टाकून दिली आणि संबंधवाचक नामाचे गुणवाचक विशेषण केले. बोलीला तसे करण्याची मुभा असते. समीक्षेला ती आहे काय, एवढाच येथे प्रश्न आहे.

२

इंग्रजीत या शब्दाची पहिली ज्ञात नोंद रॉबर्ट सदीच्या ब्राझीलच्या इतिहासात, १८१९ साली मिळते. ब्राझीलमधील पल्मारेस या पळून गेलेल्या गुलामांच्या वसाहतीच्या प्रमुखाचे अभिधान म्हणून तो तेथे येतो. पोर्तुगीजांविरुद्ध लढताना १६९५ साली मारला गेलेला झुंबी तो हाच. शब्दाची मुळे कोंगो-अंगोला प्रदेशातील भाषांत शोधली जातात. देववाचक 'न्झाम्बी' आणि मृतात्म्याचा वाचक 'न्झुम्बी' असे दोन शब्द त्यासाठी पुढे केले जातात. त्या वादाचा निर्णय येथे आवश्यक नाही. आपल्याला अभिप्रेत असलेला अर्थ घडला तो कॅरिबियन समुद्रातील हैती या देशात.

अठराव्या शतकाच्या अखेरीस हैती ही फ्रेंचांची सर्वांत किफायतशीर वसाहत होती, आणि तिची साखर व कॉफी सुमारे पाच लाख गुलामांच्या श्रमावर उभी होती. गुलामांचे मृत्युमान इतके भयंकर होते की, त्यांची संख्या टिकवण्यासाठी आफ्रिकेतून सतत नवी माणसे आणावी लागत. अशा जीवनात मृत्यू ही सुटका होती. मेल्यावर आत्मा समुद्रापलीकडच्या पूर्वजांच्या भूमीत परततो, ही श्रद्धा तिच्या मुळाशी होती. ही पार्श्वभूमी ध्यानात घेतली म्हणजे झोंबीच्या कल्पनेतील भीषणता उलगडते. बोकोर हा मांत्रिक मेलेल्याला थडग्यातून उठवतो, त्याची इच्छाशक्ती स्वतःजवळ ठेवून घेतो आणि त्याला शेतात राबवतो. मरणानेही वेठ संपत नाही, ही ती भीती आहे. येथे भय झोंबीचे नसते. झोंबी होण्याचे असते. हैतीच्या दंडसंहितेतील २४६ व्या कलमाने, माणसाला मृतवत् निद्रेत टाकणारे द्रव्य देऊन त्याला पुरणे हा खून मानला, यावरून ही भीती किती खोल होती हे दिसते.

१८०४ साली हैती स्वतंत्र झाली, पण १९१५ ते १९३४ या काळात ती अमेरिकन सैन्याच्या ताब्यात गेली. त्यातील पहिल्या वर्षांत रस्ते बांधण्यासाठी खेडुतांना सक्तीने कामाला जुंपण्यात आले. याच काळात विल्यम सीब्रूक हा अमेरिकन प्रवासी तेथे पोहोचला. १९२९ साली प्रसिद्ध झालेल्या 'द मॅजिक आयलंड' या त्याच्या पुस्तकाने हा शब्द अमेरिकन वाचकांच्या तोंडी रुळवला. पुस्तक सनसनाटी आहे आणि त्याची दृष्टी वसाहतवादी आहे, हे मान्य करूनही त्यातील एक कथा विसरता येत नाही. एक मुकादम झोंबींची टोळी घेऊन अमेरिकन साखर कंपनीच्या उसाच्या फडात कामाला येतो. कष्ट झोंबींचे, मजुरी मुकादमाच्या खिशात. त्यांना मीठ चाखू द्यायचे नाही, हा नियम. पुढे मुकादमाच्या बायकोला त्यांची दया येते. ती त्यांना जत्रेच्या गावी नेते, खाऊ घेऊन देते; त्या खाऊत मीठ असते. मीठ जिभेला लागताच आपण मेलेले आहोत हे त्यांना उमगते आणि ते आक्रोश करीत डोंगरातल्या आपापल्या थडग्यांकडे चालू लागतात.

ही भयकथा आहे खरी. पण तिच्यात मजुरीचा हिशेब आहे, कंपनी आहे, मुकादम आहे. षष्ठी शाबूत आहे.

३

ती गळाली कशी, हे पाहण्यासारखे आहे. १९३२ सालच्या 'व्हाइट झोंबी' या चित्रपटात ती अद्याप दिसते. बेला लुगोसीने उभा केलेला खलनायक साखरेच्या घाण्याचा मालक आहे. एक झोंबी घाण्यात पडतो आणि घाणा थांबत नाही. परंतु १९३४ साली हॉलिवूडमधील एका मद्यगृहात 'झोंबी' नावाचे पेय मिळू लागले होते. पिणाऱ्याची शुद्ध हरपते, एवढाच अर्थ त्या नावाने वेचून घेतला होता. दुसऱ्या महायुद्धात कॅनडामध्ये, सक्तीने भरती झालेल्या पण परदेशी आघाडीवर जाण्यास संमती न देणाऱ्या सैनिकांना 'झोंबी' म्हणून हिणवले जाई. यातील विपर्यास लक्षात घ्यावा. ज्याने आपली इच्छा राखून ठेवली त्यालाच इच्छाशून्यतेचे नाव मिळाले.

निर्णायक वळण १९६८ सालचे. जॉर्ज रोमेरोच्या 'नाइट ऑफ द लिव्हिंग डेड' या चित्रपटात 'झोंबी' हा शब्द एकदाही उच्चारला जात नाही. पात्रे त्या प्रेतांना 'घूल' म्हणतात. नाव दिले ते मागाहून प्रेक्षकांनी आणि परीक्षकांनी. रोमेरोच्या प्रेतांना धनी नाही. ती राबत नाहीत, खातात. १९७८ सालच्या पुढील चित्रपटात ती एका भव्य बाजारसंकुलात घुटमळतात, आणि झोंबी म्हणजे ग्राहक हे समीकरण पक्के होते. रोमेरोच्या उपरोधाविषयी मला आदर आहे. पण या क्षणी शब्दाची दिशा उलटली हे नाकारता येत नाही. राबणाऱ्याचे भय संपले आणि गर्दीकडे खिडकीतून पाहणाऱ्याचे भय सुरू झाले. 'आपण झोंबी होऊ' ही भीती मागे पडून 'ते झोंबी आहेत' ही तुच्छता आली. आजच्या इंग्रजी बोलीतील झोंबी, म्हणजे झोप न झालेला, गुंगलेला, मंद, कळपातला माणूस, याच उलटलेल्या शब्दाची संतती आहे. २०१५ साली जर्मनीत तरुणांचा वर्षातील शब्द म्हणून निवडला गेलेला 'स्मोम्बी', म्हणजे स्मार्टफोनमध्ये मान घालून चालणारा, हाही त्याच कुळातला.

४

यावर एक गंभीर प्रतिवाद संभवतो. व्युत्पत्ती म्हणजे अर्थ नव्हे. शब्दाचा अर्थ त्याच्या वापरात असतो. मूळ अर्थाचा आग्रह धरू लागलो तर भाषेतील निम्मे शब्द मोडीत काढावे लागतील. हा युक्तिवाद तत्त्वतः मला मान्य आहे. मात्र तो येथे लागू पडण्यासाठी जुना अर्थ वापरातून गेलेला असावा लागतो, आणि तसा तो गेलेला नाही.

फेला कुटी या नायजेरियन गायकाने १९७६ साली 'झोंबी' ही ध्वनिमुद्रिका काढली. तिच्यात सैनिकाला झोंबी म्हटले आहे. पण गाण्याची रचनाच हुकुमांची आहे. हुकूम ऐकू आला की हुकूम देणाराही उपस्थित होतो. लष्करी राजवटीला ते बरोबर कळले. फेब्रुवारी १९७७ मध्ये सैनिकांनी त्याच्या लेगॉसमधील वस्तीवर हल्ला करून ती जाळली. फ्रांकेतिएन या हैतियन लेखकाची 'देझाफी' ही १९७५ सालची कादंबरी हैतीच्या क्रेओल भाषेतील पहिली कादंबरी मानली जाते. तिच्यात भातशेतीत राबणारे झोंबी आहेत, त्यांचा क्रूर धनी आहे, आणि मीठ मिळताच झालेले बंडही आहे. दुवालिये घराण्याच्या हुकूमशाहीखाली जगणाऱ्या वाचकाला तिचा रोख वेगळा सांगावा लागला नसेल.

वाङ्मयाबाहेरही हीच गोष्ट दिसते. १९८७ साली एडवर्ड केन या अर्थशास्त्रज्ञाने दिवाळखोर अमेरिकन बचतसंस्थांना 'झोंबी' म्हटले, तेव्हा त्याचा रोख त्यांना जिवंत ठेवणाऱ्या नियंत्रकांकडे होता. संगणकशास्त्रात दूरवरच्या कोणा घुसखोराच्या आज्ञेने चालणाऱ्या यंत्राला झोंबी म्हणतात. तेथे तंत्रज्ञाचा पहिला प्रश्न 'याला चालवतो कोण' हाच असतो. अर्थशास्त्रज्ञाला आणि तंत्रज्ञाला जी षष्ठी आठवते, ती वाङ्मयसमीक्षकाला आठवू नये, ही लाजिरवाणी गोष्ट आहे.

'झोंबी-वाचक' या संज्ञेच्या समर्थनार्थ अडोर्नो आणि हॉर्कहायमर यांची साक्ष काढली जाते. ती साक्ष उलटी पडते. या दोघांनी 'जनसंस्कृती' हा शब्द टाकून 'संस्कृती-उद्योग' हा शब्द स्वीकारला. जनसंस्कृती म्हटल्याने ती जनतेतून आपोआप उगवली असा समज होतो, आणि तो टाळावा हा हेतू अडोर्नोने पुढे स्वतःच स्पष्ट केला. म्हणजे त्यांनी संज्ञा बदलली ती धनी दिसावा म्हणून. आपण त्यांचे नाव घेऊन जी संज्ञा वापरतो ती धनी झाकते. मालिकेच्या प्रेक्षकाला झोंबी म्हटल्यावर मालिकेचे अर्थकारण, वाहिनीची मालकी, दिवसभर राबून रात्री थकून पडद्यासमोर बसणाऱ्या माणसाचा थकवा, यांपैकी कशाचाही विचार करण्याची गरज उरत नाही. विशेषणाने विश्लेषणाची जागा घेतलेली असते.

५

अशी पडझड केवळ इंग्रजीतच होते असे समजून आपण निश्चिंत राहू नये. 'वेठ' या आपल्या शब्दाचे काय झाले ते पाहावे. बिनमोबदल्याची सक्तीची राबणूक हा त्याचा अर्थ. महार वतनाच्या नावाखाली गावकीची आणि सरकारची जी कामे अहोरात्र करून घेतली जात, त्या जोखडाविरुद्ध डॉ. आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात विधेयक आणले. वेठबिगारीला कायद्याने बंदी झाली ती १९७६ साली. आज हा शब्द वृत्तपत्रांत बहुधा कोठे भेटतो? 'संपकऱ्यांनी जनतेला वेठीस धरले' या वाक्यात. ज्याला वेठीस धरले जात असे, त्यानेच काम नाकारले की तो वेठीस धरणारा ठरतो. कॅनडातील त्या सैनिकांवर झालेला विपर्यास येथे जसाच्या तसा आढळतो. शब्द सोसणाऱ्याच्या हातून निसटून त्याच्यावरच उगारला जातो, आणि हे घडत असता कोणालाही खटकत नाही.

मराठी चित्रपटाने मात्र हा शब्द घेताना काही भान दाखवले. २०२२ सालच्या आदित्य सरपोतदार दिग्दर्शित 'झोंबिवली'त डोंबिवलीतील वस्ती आणि इमारत यांमधील अंतर भयकथेत आणण्याचा यत्न आहे. तो कितपत साधला याविषयी मतभेद होतील. पण करमणुकीचा म्हणून ज्याला आपण बाजूस सारतो त्या चित्रपटाला जे सुचले ते समीक्षेला सुचले नाही, याची नोंद घ्यायला हवी.

मराठीला तर हा शब्द उच्चारताच थबकायला लावील असे कारण घरातच आहे. 'झोंबी' हा आपला जुना शब्द आहे. त्याचा अर्थ झटापट, अंगाला अंग भिडवून केलेली झुंज. आनंद यादवांच्या १९८७ सालच्या आत्मचरित्रात्मक कादंबरीचे तेच नाव आहे. शाळा हवी असलेला मुलगा आणि त्याला मळ्यातच जुंपू पाहणारा बाप यांची ती झोंबी आहे. एकाच अक्षरांत एका भाषेने इच्छा हिरावलेला राबता देह पाहिला आणि दुसरीने इच्छेसाठी झगडणारा पोर. हा योगायोग आहे, त्यापासून सिद्धान्त काढू नये. पण वाचकाला झोंबी म्हणणाऱ्याने, हा वाचक कोणत्या झोंबीतून अक्षरापर्यंत पोहोचला असेल, एवढे तरी मनाशी विचारावे.

माझी मागणी माफक आहे. शब्द वापरावयाचा असेल तर षष्ठीसह वापरावा: कोणाचा झोंबी, कोणाच्या फडात, कोणाच्या लाभासाठी. उत्तर देता येत नसेल तर शब्द खाली ठेवावा. आपल्याकडे 'खाल्ल्या मिठाला जागणे' म्हणजे धन्याशी इमान राखणे. हैतीत मीठ खाऊन जागणारा धन्याला सोडून चालू लागतो. समीक्षेने कोणत्या अर्थाने जागायचे हे तिचे तिने ठरवावे. निदान झोपलेल्यांना नावे ठेवणे म्हणजे जागे असणे, असा समज तिने करून घेऊ नये.