हप्त्याआड लपलेली किंमत

१८७५ च्या मे महिन्यात भीमथडी तालुक्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे हिसकावून जाळले. त्या रोषाचे एक मोठे कारण असे होते की, घेतले किती, फेडले किती आणि उरले किती याचा पत्ता ऋणको शेतकऱ्याला कधी लागत नसे. वही सावकाराची आणि अक्षरही सावकाराचे. त्या उठावानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला आणि रोख्यामागील खरा व्यवहार उकरून पाहण्याचा अधिकार न्यायालयांना मिळाला. दामदुपटीचा दंडक तर त्याहून जुना: एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असता कामा नये. कर्ज देणाऱ्याच्या मागणीला कोठे तरी मर्यादा असली पाहिजे, ही जाणीव या भूमीत परकी नाही.

आज तो ऋणको गावातून शहरात आला आहे. तो गिरणगावातील जुन्या कामगाराचा मुलगा असेल, पिंपरी-चिंचवडच्या कारखान्यातील जोडारी असेल, जिल्हा परिषदेची शिक्षिका किंवा रुग्णालयातील परिचारिका असेल. त्याच्यासमोरचा रोखा छापील आहे, सावकाराच्या जागी बँक वा गृहवित्त संस्था आहे, आणि व्यवहार संपूर्ण कायदेशीर आहे. तरीही घेतले किती आणि फेडावयाचे किती, हा प्रश्न सही करतेवेळी दहांतील एकाने तरी विचारला असेल काय, याची शंका वाटावी अशी परिस्थिती आहे. विचारला जातो तो एकच प्रश्न: महिन्याचा हप्ता किती? कर्जाची खरी किंमत लपते ती नेमकी या प्रश्नाच्या आड.

हिशेब अवघड नाही. समजा, एका कुटुंबाने ३० लाख रुपयांचे कर्ज साडेआठ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले. मासिक हप्ता २६,०३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले म्हणजे एकूण फेड सुमारे ६२ लाख ४८ हजार होते. घेतले ३० लाख. व्याजापोटी गेले ३२ लाख ४८ हजार. दामदुपटीचा नियम थकबाकीपुरता होता, त्यामुळे या व्यवहाराने तो मोडला असे म्हणता येणार नाही; परंतु नियमित हप्ते भरणारा, एकदाही न चुकणारा प्रामाणिक कर्जदार मुद्दलाहून अधिक व्याज देतो, ही वस्तुस्थिती त्याला कोणी सांगत नाही.

याहून महत्त्वाचा आहे तो फेडीचा क्रम. पहिल्या महिन्याच्या २६,०३५ रुपयांपैकी २१,२५० रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून जेमतेम ४,७८५ रुपये कमी होतात. हप्ता सारखा राहतो. त्यातील व्याजाचा वाटा सावकाश घटतो, मुद्दलाचा सावकाश वाढतो. दहा वर्षांनंतर, म्हणजे मुदतीच्या ऐन मध्यावर, या कुटुंबाने ३१ लाखांहून अधिक रक्कम भरलेली असते. अर्धी मुदत सरली, तेव्हा अर्धे कर्ज फिटले असणार, असे ते मानते. प्रत्यक्षात सुमारे २१ लाख रुपये देणे बाकीच असतात. याच टप्प्यावर कारखाना बंद पडला, कंत्राट संपले, घरातील कमावते माणूस आजारी झाले, तर दहा वर्षांच्या घामाचा हिशेब ९ लाखांवर येऊन थांबतो. मालकी म्हणून ज्याचा उत्सव केला, ते घर मुख्यतः तारणच राहिलेले असते. २००२ च्या सरफेसी कायद्याने धनकोला ६० दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दाव्याविना तारणाचा ताबा घेण्याचा मार्ग मोकळा केलेला आहे, हेही अशा वेळी प्रथमच कळते.

हप्ता जड वाटतो म्हणणाऱ्याला एक सोपा उपाय सुचवला जातो: मुदत वाढवा. तेच ३० लाख, तोच साडेआठ टक्के दर, मुदत मात्र ३० वर्षे. हप्ता २३,०६७ रुपयांवर येतो. महिन्याला तीन हजारांच्या आत बचत होते. एकूण फेड मात्र ८३ लाखांवर जाते. महिन्याच्या त्या सवलतीसाठी २० लाखांहून अधिक रक्कम आणि आयुष्याची आणखी दहा वर्षे मोजावी लागतात. हप्ता ही कर्जाची किंमत नव्हे. हप्ता आणि मुदत यांचा गुणाकार ही किंमत आहे.

व्याजदर बदलता असला, म्हणजे मुदतीचा हा प्रश्न अधिकच उग्र होतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. २०२२ च्या आरंभी साडेसहा टक्क्यांनी ३० लाखांचे, २० वर्षांचे कर्ज घेतलेल्याचा हप्ता २२,३६७ रुपये होता. वर्षभराने दर नऊ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, असे धरून गणित केले तर काय दिसते? शिल्लक मुद्दलावरील महिन्याचे व्याजच २१,९०० रुपयांच्या वर जाते. मुद्दलाच्या वाट्याला चार-साडेचारशे रुपये उरतात आणि १९ वर्षांची उरलेली मुदत सुमारे ४४ वर्षांवर पोहोचते. निवृत्तीच्या वयाची मर्यादा आडवी येत असल्याने इतकी मुदत प्रत्यक्षात कोणी देत नाही. मग हप्ता वाढतो. १९ वर्षांतच कर्ज फेडायचे ठरवले तर तो सुमारे ४,४५० रुपयांनी वाढतो. पगार मात्र रेपो दराला बांधलेला नसतो. महागाई आवरण्यासाठी व्याजदर चढवले जातात, आणि महागाईनेच पिचलेल्या कुटुंबाला तिचा दुसरा तडाखा हप्त्याच्या रूपाने बसतो.

त्या काळात अनेक कर्जदारांची मुदत त्यांच्या नकळत लांबली. अखेर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला आदेश काढावा लागला: दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे निवडण्याची संधी कर्जदाराला द्यावी, मुदत वाढवल्याने व्याजही भागत नाही अशी अवस्था येऊ देऊ नये, किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले याचे विवरण दर तिमाहीस द्यावे. जे सांगणे साध्या सचोटीचा भाग होते, त्यासाठी आदेश लागला, यातच सारे आले. दर चढताना जी तत्परता दिसते, ती उतरताना दिसत नाही, हाही अनुभव जुनाच आहे. त्यावर उपाय म्हणून ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाह्य दराशी जोडणे बंधनकारक झाले. गृहवित्त संस्थांना मात्र हे बंधन घातले गेले नाही. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो दर एक टक्क्याने उतरला. त्याचा लाभ आपल्या खात्यात कधी व किती उतरला, हे ज्याने त्याने तपासून पाहावयास हवे.

मूळ कर्जाच्या कडेकडेने आणखीही बोजे चढतात. कर्जासोबत विम्याची एकरकमी पॉलिसी गळ्यात मारली जाते आणि तिचा हप्ता मुद्दलात मिळवला जातो. असा एक लाखाचा विमा साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो. इमारत अपुरी असेल तर ताबा मिळेपर्यंत नुसते व्याज भरावे लागते. ३० लाखांची पूर्ण उचल झाल्यावर ताबा तीन वर्षे रखडला, तर ७ लाख ६५ हजार रुपये जातात, मुद्दलाला धक्काही लागत नाही, आणि राहत्या जागेचे भाडे चालूच असते. बिल्डरच्या दिरंगाईची किंमत अशा रीतीने कामगाराच्या पगारातून वसूल होते.

यावर एक आक्षेप घेतला जातो आणि तो टाळण्यासारखा नाही. व्याज म्हणजे दुसऱ्याचा पैसा वापरल्याचे भाडे. शिवाय महागाईमुळे वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्याइतका जड राहत नाही. घराची किंमतही वाढते. हे म्हणणे खोटे नाही. बँकेतील पैसा ठेवीदारांचा असतो आणि त्यांनाही व्याज द्यावे लागते. परंतु रुपया हलका होतो तो ज्याचे वेतन महागाईबरोबर वाढते त्याच्यासाठी. महागाई भत्ता असलेल्या नोकरदाराला हा दिलासा मिळतो. अकरा महिन्यांच्या करारावर राबणाऱ्याला मिळत नाही. राहत्या घराची वाढलेली किंमतही विकल्याखेरीज हाती येत नाही, आणि विकून जावे कोठे? शेजारचे घरही तितकेच महागलेले असते.

करसवलतीची कथा याहून वेगळी नाही. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. तीस टक्के कर भरणाऱ्याचे त्यातून ६० हजार वाचतात, पाच टक्के भरणाऱ्याचे १० हजार, आणि ज्याचे उत्पन्न करपात्रच नाही त्याचे काहीच नाही. ज्याला गरज कमी, त्याला साह्य अधिक! २०२० मध्ये आलेल्या नव्या प्रणालीत राहत्या घरासाठी ही वजावटही नाही. २०२४ मध्ये सुरू झालेल्या प्रधानमंत्री आवास योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात शहरी कुटुंबांना व्याजासाठी जास्तीत जास्त १ लाख ८० हजारांचे अनुदान ठेवले आहे. २५ लाखांच्या कर्जावर साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांत होणारे व्याज २७ लाखांच्या घरात जाते. शासनाने घर देण्याऐवजी कर्जाची वाट दाखवली, आणि त्या वाटेवर अंथरायला एक लहानसा गालिचा दिला.

येथेच मूळ प्रश्नाला हात घालावा लागतो. कर्ज एवढे मोठे का? कारण जमीन एवढी महाग आहे. विटा, सिमेंट आणि गवंड्याची मजुरी यांनी मुंबई-पुण्याची घरे अशी आवाक्याबाहेर गेलेली नाहीत. जमिनीच्या सट्ट्याने ती नेली. जमिनीचा भाव वाढला की कर्ज वाढते, कर्ज वाढले की व्याज वाढते. जमीनमालक, बिल्डर आणि धनको या तिघांचाही वाटा एकाच पगारातून निघतो. १९७६ च्या नागरी जमीन कमाल मर्यादा कायद्याने या साखळीवर घाव घालण्याची संधी दिली होती. त्या कायद्याच्या अंमलबजावणीत पळवाटा असंख्य होत्या. तरीही मृणाल गोरे, बाबुराव सामंत आदी समाजवादी कार्यकर्त्यांनी नागरी निवारा परिषदेच्या द्वारे लढून अतिरिक्त जमीन मिळवली आणि गोरेगावात दिंडोशी येथे सहा हजारांहून अधिक घरे सामान्य कुटुंबांसाठी उभी राहिली. जमीन सट्ट्यातून मुक्त झाली तर घर स्वस्त होते, याचा तो विटामातीचा पुरावा आहे. पुढे १९९९ मध्ये केंद्राने आणि २००७ मध्ये महाराष्ट्राने तो कायदा गुंडाळला. गिरण्यांच्या जमिनींचा एक-तृतीयांश हिस्सा स्वस्त घरांसाठी राखण्याचा १९९१ चा नियम २००१ मध्ये असा बदलला गेला की, सार्वजनिक वाटा आक्रसला आणि मनोरे वर गेले. जी जमीन लोकांच्या हाती यावयाची होती ती गेली; त्या जागी लोकांच्या हाती कर्जाचा अर्ज आला.

पक्षकार्यकर्त्यांपुढे म्हणून दुहेरी काम आहे. पहिले तातडीचे. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत, कर्जदाराला समजेल अशा भाषेत, सर्व आकारांसह वार्षिक खर्चाचा दर आणि हप्त्यांचा तक्ता असलेले तथ्यपत्रक देणे सक्तीचे आहे. ते मराठीत मागितले पाहिजे आणि सहीपूर्वी वाचले पाहिजे. तिमाही विवरण मागावे. मुदत लांबली असल्यास लेखी जाब विचारावा. विमा निराळा ठेवावा. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही, हे घरोघर सांगावे. वरील पहिल्या उदाहरणातील कुटुंबाने दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तरी कर्ज तीन वर्षांहून अधिक काळ आधी फिटते आणि सुमारे सहा लाखांचे व्याज वाचते. प्रत्येक शाखेने महिन्यातून एक संध्याकाळ या हिशेबासाठी राखून ठेवावी. कागद, पेन्सिल आणि गणित जाणणारा एक शिक्षक एवढे साहित्य त्याला पुरे.

दुसरे काम लांब पल्ल्याचे, पण टाळता न येणारे. गृहवित्त संस्थांनाही बाह्य दराचे बंधन घाला. कर्जदाराच्या लेखी संमतीशिवाय मुदत वाढवू नका. नोकरी गेलेल्या किंवा आजारी पडलेल्या कर्जदाराच्या घरावर जप्ती आणण्यापूर्वी त्याला हप्तेस्थगितीचा हक्क द्या. आणि सर्वांत महत्त्वाचे, सार्वजनिक जमीन विक्रीला न काढता तिच्यावर सार्वजनिक व सहकारी घरे आणि परवडणाऱ्या भाड्याच्या चाळी उभारा. बँकिंग नियमन कायद्याच्या २१-अ कलमाने व्याज अवाजवी आहे या कारणावरून बँकेचा व्यवहार पुन्हा तपासण्याची न्यायालयांची वाट १९८० च्या दशकातच बंद केली. जे १८७९ मध्ये परक्या सरकारने शेतकऱ्याला दिले, ते स्वतंत्र भारताने शहरातील कर्जदाराला नाकारले आहे. याचा जाब न्यायालयात मागता येत नसेल, तर तो संसदेत आणि रस्त्यावर मागितला पाहिजे.

सुप्याच्या शेतकऱ्यांनी रोखे जाळले, कारण ते वाचण्याचा दुसरा मार्ग त्यांना उरला नव्हता. आजच्या कामगाराला रोखा वाचता येतो. तो त्याच्यासोबत बसून वाचणे, आणि वाचून जे कळेल त्यावर संघटित होणे, येथून या लढ्याचा आरंभ व्हावयास हवा.