मान न धरलेल्या बाळाचा फोटो
पासपोर्ट सेवा केंद्रात मोठ्या माणसांचा फोटो तिथल्या तिथे काढतात. चार वर्षांखालच्या मुलांचा मात्र आपणच न्यायचा असतो, ४.५ बाय ३.५ सेंटिमीटरचा, पांढऱ्या पार्श्वभूमीवर. डोळे उघडे, तोंड मिटलेलं, नजर समोर, चेहऱ्यावर सावली नाही, चौकटीत आईचा हात नाही, आणि हे सगळं अजून मानही न धरलेल्या जिवाकडून! अशा बाळाला स्टुडिओतल्या स्टुलावर धरून बसवूच नये, असं माझं स्पष्ट मत आहे. घरीच खिडकीजवळ सुरकुती नसलेली पांढरी चादर अंथरा, बाळाला उताणं निजवा आणि बरोबर वरून फोटो काढा. दूध पिऊन ढेकर निघाल्यानंतरची वेळ सर्वांत चांगली. फ्लॅश नको, खिडकीचा उजेड पुरतो; फक्त तुमचीच सावली बाळावर पडत नाही ना, ते बघा. टोपडं काढा, गालावरची तीट तेवढ्यापुरती पुसा. आजीला सांगा, फोटो झाला की लगेच पुन्हा लावू. आणि छापताना दुकानदार 'जरा उजळ करून देतो' म्हणाला, तर ठाम नकार द्या. सीमेवरचा अधिकारी हा फोटो खऱ्या चेहऱ्याशी ताडून बघणार असतो, तिथे खोटा रंग अडचणच करतो. शिवाय काही महिन्यांच्या लेकराचा रंग कमी पडतोय, हे त्याच्या आईबापांना ऐकवायचा अधिकार कुणालाच नाही.