कुरुंद, काउंट आणि आमची विहीर

आमच्या घरी देवळीत एक गारगोटी आहे. वडील विहिरी खोदतात. चार वर्षांपूर्वी पाटोदा तालुक्यातील एका विहिरीत, सात परसांवर सुरुंग उडाला, काळा पाषाण फुटला आणि आत पांढऱ्या टोकदार स्फटिकांनी भरलेली पोकळी निघाली. बरेचसे तुकडे एका फिरत्या व्यापाऱ्याने किरकोळ पैशांत नेले. एक वडिलांनी फडक्यात बांधून माझ्यासाठी आणला. "दगड कशाला आणला?" असे मी म्हणालो होतो. तेव्हा मी दहावीत होतो. ते वाक्य आजही टोचते.

दगड जमवणे हा राजेरजवाड्यांचा छंद, अशी माझी समजूत होती. ती अगदीच खोटी नाही. इंग्लंडात अर्ल ऑफ वॉर्विकचा धाकटा मुलगा चार्ल्स ग्रेव्हिल याने जमवलेले दगड त्याच्या मृत्यूनंतर १८१० साली ब्रिटिश म्युझियमसाठी १३,७२७ पौंडांना विकत घेतले गेले! पण मला ग्रेव्हिलपेक्षा त्याचे दगड लावून देणारा माणूस अधिक जवळचा वाटतो. त्याचे नाव जाक लुई, काउंट द बूर्नाँ. जन्म १७५१, फ्रान्समधील मेत्स येथे. उमराव घराणे, तोफखान्यातील अधिकारी, स्वतःचा मोठा खनिजसंग्रह. फ्रेंच राज्यक्रांती झाली आणि हे सारे गेले. तो देश सोडून इंग्लंडला आला. (खरे सांगायचे तर माझे मन क्रांतीच्या बाजूचे आहे. हा गृहस्थ शेवटपर्यंत राजाचाच राहिला, आणि १८१४ नंतर परतून राजाच्या खनिजसंग्रहाचा प्रमुख झाला.) पण मधली वीसेक वर्षे त्याने काढली ती इतरांच्या कपाटांतील दगड पारखून, त्यांच्या याद्या करून. जमीन गेली, किताब नावापुरता उरला; दगड ओळखणारी नजर मात्र कोणाला जप्त करता आली नाही. चुन्याच्या स्फटिकांवर त्याने १८०८ साली तीन खंडांचा ग्रंथ काढला. एका चुनखडीवर तीन खंड!

आता कुरुंदाकडे वळतो. धार लावणारा आपल्या चाकासाठी पूर्वी कुरुंदाची पूड लाखेत कालवत असे. दिवाळीनंतर ऊसतोडीला निघणाऱ्या आपल्या जिल्ह्याला धारेचे महत्त्व सांगायला नको. हा दगड दक्षिणेतून, कर्नाटक प्रांतातून ग्रेव्हिलकडे पोचला, आणि १७९८ साली त्याने लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे त्यावर निबंध वाचला. स्फटिकांचे कोन मोजण्याचे काम बूर्नाँचे. पुढे १८०२ मध्ये बूर्नाँने सविस्तर दाखवले की राजमुकुटातले माणिक, नीलम आणि कारागिराचा ओबडधोबड कुरुंद ही एकाच खनिजाची रूपे आहेत. फरक फक्त रंगाचा आणि शुद्धतेचा. आज आपण जाणतो की क्रोमियमच्या अंशाने तांबडा रंग येतो, लोह व टिटॅनियमने निळा. शास्त्रात त्या खनिजाचे नाव पडले कोरंडम. म्हणजे आपल्याकडच्या कारागिरांच्या तोंडचाच शब्द! हे वाचले त्या दिवशी मी वाचनालयात उगाच हसत बसलो होतो.

दुसरी हकीकत काशीकडची. डिसेंबर १७९८ मध्ये बनारसजवळ आकाशात मोठा उजेड झाला, गडगडाट झाला आणि दगड पडले. एक तर पहारेकऱ्याच्या झोपडीचे छप्पर फोडून जमिनीत घुसला. खेड्यातील लोक डोळ्यांनी पाहिलेले सांगत होते; आकाशातून दगड पडतो म्हटले की युरोपातील बहुतेक विद्वान मात्र हसत. ते दगड लंडनला गेले. एडवर्ड हॉवर्ड या रसायनशास्त्रज्ञासाठी बूर्नाँने भिंग लावून त्यांतले कण वेगळे केले: बारीक गोळ्या, लोखंडाचे कण, माक्षिक, मातकट भाग. इंग्लंड, इटली व बोहेमियात पडलेल्या दगडांतही तसेच घटक निघाले, आणि हॉवर्डला लोखंडात निकेल सापडले. १८०२ साली हे प्रसिद्ध झाले. पहारेकरी खरे बोलत होता. त्याचे नाव मात्र मला कोठे वाचायला मिळाले नाही. बूर्नाँचे नाव बूर्नोनाइट या खनिजाला मिळाले आहे.

माझे म्हणणे येथेच आहे. बालाघाटच्या डोंगररांगेत दरवर्षी किती विहिरी खणल्या जातात! सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हात वायूचे बुडबुडे राहिले, त्या पोकळ्यांत पाण्याने हळूहळू स्फटिक भरले. ते एका सुरुंगात उघडे पडतात, आणि यारीने वर येऊन ढिगाऱ्यात जातात किंवा व्यापाऱ्याच्या पोत्यात. गाव कोणते, खोली किती, हे कोणी लिहीत नाही. आणि ते न लिहिता ठेवलेला दगड नुसता शोभेचा.

कोणी म्हणेल, कला शाखेच्या महाविद्यालयाला दगडांचे काय? भूगोल आपल्याकडे आहे, इतिहास आहे, मराठीही आहे. कुरुंद हा शब्द कोणत्या विभागाचा ते ठरवून सांगावे. वर्गातील निम्म्याहून अधिक मुलांच्या घरी कोणी ना कोणी विहिरीवर, खाणीवर, रस्त्यावर दगड फोडलेला आहे. आपल्याला संग्रह विकत घ्यायचा नाही. ग्रंथालयाच्या दाराजवळचे काचेचे कपाट दोन वर्षे मी रिकामेच पाहतो आहे. ते प्राचार्यांनी द्यावे, सुट्टीवरून येताना प्रत्येकाने गावचा एक दगड आणावा, आणि चिठ्ठीवर गाव, खोली आणि तो ज्याच्या हाताला लागला त्याचे नाव लिहावे. देणाऱ्याचे नाव नसले तरी चालेल.

पहिला दगड मी देतो. चिठ्ठी लिहून वडिलांना वाचून दाखवली. ते म्हणाले, "माझं नाव कशाला? गाडेकऱ्याचं टाक, विहीर त्याची हाय." मी खोडलेले नाही.