तळाचे पाणी कोण बघणार?

प्रिय पालक व विद्यार्थी मित्रहो,

डिचोली-पेडण्यात तिळारीच्या कालव्याचे पाणी येते हे सर्वांस माहीत आहे. पण उन्हाळ्यात त्या धरणाचे वरचे पाणी आणि तळाचे पाणी सारखे नसते, हे दहावीच्या वर्गात मी विचारले तेव्हा कोणालाच सांगता आले नाही. मुलांना दोष कसा देणार? माझे शिक्षण हिंदी माध्यमातून झाले. आमच्या प्रयोगशाळेत 'जल का नमूना' म्हणजे नळाखाली धरलेला बीकर!

दोनापावलच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी तिळारीत निरनिराळ्या खोलीवरचे पाणी काढून तपासले आहे. उन्हात तापलेला हलका थर खालच्या थंड पाण्यावर बसून राहतो. खाली हवा पोचत नाही आणि तळाचा ऑक्सिजन संपत जातो. अशा पाण्यात गाळातले लोह, मँगनीज विरघळते, कुजक्या अंड्यासारखा वास येतो. वरून मात्र जलाशय निळाशार दिसतो.

तळाचे पाणी आणायचे कसे? बादली सोडून उपयोग नाही, ती वरच भरते. त्यासाठी निस्किन बाटली असते. शेल निस्किन यांना तिचे पेटंट १९६६ साली मिळाले, आणि दोनापावलची संस्थाही त्याच वर्षीची. ही बाटली म्हणजे दोन्ही तोंडे उघडी असलेली प्लास्टिकची नळी. दोरीने खाली सोडताना पाणी तिच्यातून आरपार जाते. हव्या त्या खोलीवर पोचली की दोरीवरून एक वजन घसरत सोडायचे. त्याच्या धक्क्याने कळ सुटते, ताणलेले रबर दोन्ही झाकणे ओढून घेते, आणि तिथलेच पाणी आत अडकते. संशोधन जहाजांवर अशा बारा किंवा चोवीस बाटल्या एका गोल चौकटीत बसवतात, त्या डेकवरून विजेच्या इशाऱ्याने बंद होतात. तत्त्व तेच.

आपल्या शाळेसाठी अशी एक बाटली मी साहित्याच्या यादीत घातली होती. 'अभ्यासक्रमात नाही' असा शेरा येऊन यादी परत आली. माझ्या मते हा शेरा चूक आहे. ऑक्सिजन मोजण्याचे थायोसल्फेट आपल्या कपाटात आहे, ब्युरेट आहे. नाही ते फक्त तळाचे पाणी.

तेव्हा बाटली आपणच करू. पीव्हीसी नळी, दोन रबरी चेंडू, रबराची नळी आणि दोरी एवढ्यात काम होते. मये तलावावर जानेवारीत एकदा आणि एप्रिलमध्ये एकदा, शिक्षकांसोबत होडीतून, लाइफ जॅकेट घालूनच पाणी काढू. खाणींच्या खंदकांकडे मात्र कोणीही फिरकू नये, ही सक्त ताकीद.

ज्या पालकांचा प्लंबिंगचा किंवा फॅब्रिकेशनचा धंदा आहे, त्यांनी शनिवारी शाळा सुटल्यावर मला भेटावे. झाकणाची कळ अजून नीट जमलेली नाही.

आपला,
मुख्याध्यापक